शेअर न घेतलेल्या घरात बाजाराचं संकट शिरतं कुठून?

आंबेमोहर (धागाकर्ती)

सेन्सेक्स पडला की चहाच्या टपरीपासून व्हॉट्सॲपपर्यंत एक वाक्य हमखास ऐकू येतं, "आपल्याला काय फरक पडतो, आपण कुठे शेअर घेतलेत?" हे वाक्य किती फसवं आहे ते आमच्या इमारतीनं अनुभवलंय, म्हणून हा धागा.

मी डोंबिवलीतल्या एका गृहनिर्माण सोसायटीची खजिनदार आहे. रेल्वेतले, शाळेतले, पोळीभाजी केंद्र चालवणाऱ्या दोघी, आणि बरेचसे निवृत्त लोक. डीमॅट खातं असलेली घरं अगदी मोजकी. सोसायटीचा सिंकिंग फंड (इमारतीच्या मोठ्या कामांसाठी साठवलेला निधी) आणि दुरुस्ती निधी एका नागरी सहकारी बँकेत मुदत ठेवीत होता. नाव देत नाही, कारण मुद्दा त्या एका बँकेचा नाही. ज्यांना सोसायटीचा कारभार माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते. उपविधींप्रमाणे बांधकाम खर्चाच्या पाव टक्का सिंकिंग फंड आणि पाऊण टक्का दुरुस्ती निधी दरवर्षी सभासदांकडून घ्यायचा असतो. महिन्याच्या मेंटेनन्समधून थोडा थोडा जातो, म्हणून कुणाला जाणवत नाही. पण पंधरा-वीस वर्षांत ती रक्कम मोठी होते. आणि हा पैसा सोसायटीनं कुठे ठेवायचा ते सहकार कायद्याचं कलम ७० सांगतं. त्याचा सगळा कल सहकारी बँकांकडेच आहे.

त्या बँकेतून पैसे काढण्यावर रिझर्व्ह बँकेचे निर्बंध आले त्या सकाळी मी शाखेत गेले. शटर अर्धं खाली ओढलेलं. त्यावर इंग्रजीतला एक कागद चिकटवलेला, एक कोपरा सुटून वाऱ्यावर फडफडत होता. रखवालदार टोकन वाटत होता आणि प्रत्येकाला तेच उत्तर देत होता, "साहेब आत आहेत, पण आज काही होणार नाही." एक बाई तो कागद फोनवर घरी कुणाला तरी वाचून दाखवत होत्या. "सहा महिने" इथे आल्या की थांबायच्या आणि परत पहिल्या ओळीपासून सुरू करायच्या. त्यांच्या पिशवीत मुलीच्या लग्नाच्या हॉलची पावती होती, हे नंतर बोलताना कळलं.

आमच्या लिफ्टच्या बदलीचं काम तेव्हा ठरलेलं होतं. कंत्राटदाराला बयाणा गेला होता, पुढचा हप्ता ठेवीतून द्यायचा होता. तो देता आला नाही. विशेष सर्वसाधारण सभा घेऊन प्रत्येक घरावर जादा वर्गणी बसवावी लागली, म्हणजे ज्या कामासाठी लोकांनी वर्षानुवर्षं पैसे भरले त्याच कामासाठी पुन्हा भरा. दोन घरांनी ती वर्गणी भरण्यासाठी सोनं गहाण ठेवलं. सहाव्या मजल्यावरच्या, गुडघ्याचं ऑपरेशन झालेल्या काकू त्या काळात फक्त डॉक्टरकडे जायला खाली उतरायच्या. यातल्या एकाही घरानं आयुष्यात शेअर घेतला नव्हता.

माझं म्हणणं असं आहे. बातम्यांत संकट मोजतात ते किती कोटी "बुडाले" यावर. घराचं मोजमाप वेगळं असतं. घर तारखांवर चालतं. शाळेची फी, ऑपरेशन, भाड्याच्या घराचं डिपॉझिट, हॉलचा दुसरा हप्ता. पैसा शेवटी परत मिळाला तरी ठरलेल्या तारखेला तो हातात नसेल तर घराचं नुकसान होऊन गेलेलं असतं. ते कुठल्याही ताळेबंदात दिसत नाही.

सर्वांना माहीत असलेलं उदाहरण म्हणजे पंजाब अँड महाराष्ट्र को-ऑपरेटिव्ह बँक. सप्टेंबर २०१९मध्ये निर्बंध आले तेव्हा सहा महिन्यांत एका खात्यातून फक्त १,००० रुपये काढता येणार होते. आरडाओरड झाल्यावर काही दिवसांत १०,००० झाले, मग २५,०००, ४०,०००, ५०,०००, आणि जून २०२०मध्ये १ लाख. बँकेत ठेवी होत्या ११,६०० कोटींच्या वर. आणि कर्जाच्या जवळपास तीन चतुर्थांश रकमेचा भार एचडीआयएल या एकाच बांधकाम समूहावर होता. तो लपवण्यासाठी २१ हजारांहून अधिक बनावट खाती दाखवली, असा आरोप पोलीस तक्रारीत आहे. म्हणजे घरबांधणीच्या बाजारात एक कंपनी अडली आणि भांडुप-मुलुंडच्या निवृत्त माणसाला औषधासाठी स्वतःचे पैसे मिळेनात. तो माणूस घरबांधणीच्या धंद्यात नव्हता, शेअर बाजारात नव्हता, पण ठेवीमुळे तो त्या धंद्याचा सावकार झालेला होता. त्याला हे कुणी सांगितलं नव्हतं.

तुमच्या घरात किंवा आसपास असं संकट कुठल्या वाटेनं आलं ते लिहा. बँक, नोकरी, कर्जाचा हप्ता, पतसंस्था, काहीही. नावं टाळा, पण तपशील द्या.

जुना रोखपाल

फार आवश्यक धागा. मी सहकारी बँकेत आयुष्य काढलं, आधी काउंटरवर आणि नंतर शाखाधिकारी म्हणून. ठेव विम्याबद्दल लोकांचे गैरसमज रोज ऐकायचो, ते इथे लिहितो.

विमा देणारी संस्था डीआयसीजीसी, रिझर्व्ह बँकेची उपकंपनी. १९६०मध्ये लक्ष्मी बँक आणि पलाई सेंट्रल बँक बुडाल्या, त्या धक्क्यातून १९६२मध्ये ही योजना आली. तेव्हा मर्यादा होती १,५०० रुपये. वाढत वाढत मे १९९३मध्ये १ लाख झाली. त्याच्या आदल्याच वर्षी, १९९२च्या रोखे घोटाळ्यात आपली बँक ऑफ कराड गेली होती. साताऱ्याकडच्या लोकांना आठवत असेल. दलाल स्ट्रीटवर एका दलालाचा खेळ उघडा पडला आणि कऱ्हाडच्या नावाची बँक अवसायनात, म्हणजे कारभार गुंडाळण्याच्या प्रक्रियेत, निघाली. पुढे ती बँक ऑफ इंडियात विलीन झाली. त्यानंतर २७ वर्षं मर्यादा तशीच राहिली आणि ४ फेब्रुवारी २०२०पासून ५ लाख झाली.

आता महत्त्वाचं. हे ५ लाख प्रत्येक एफडीला नाहीत, प्रत्येक ठेवीदाराला आहेत. एका बँकेच्या सगळ्या शाखांतली तुमची बचत, चालू, मुदत आणि आवर्ती खाती एकत्र धरतात. मुद्दल आणि व्याज मिळून ५ लाख. पाच लाखांची एफडी करून वर्षाचं व्याज त्यातच जमू दिलंत तर ते व्याज संरक्षणाबाहेर आहे. त्याच बँकेचं कर्ज असेल तर थकलेली रक्कम वळती होऊ शकते. आणि आंबेमोहर यांच्या उदाहरणातली सगळ्यात बोचणारी गोष्ट म्हणजे सोसायटी हा एकच ठेवीदार. घरं शंभर असोत, विमा ५ लाखांचा.

२०२१च्या दुरुस्तीनं एक गोष्ट खरोखर सुधारली. पूर्वी बँकेचा परवाना रद्द होऊन अवसायक नेमला जाईपर्यंत विम्याचा पैसा मिळत नसे, त्यात वर्षं जायची. १ सप्टेंबर २०२१पासून निर्बंध लागले की ९० दिवसांत ५ लाखांपर्यंतची रक्कम द्यावी लागते. पहिल्या ४५ दिवसांत बँक ठेवीदारांची यादी देते, पुढच्या ४५ दिवसांत तपासणी आणि पैसे. त्यासाठी तुम्हाला संमतीपत्र आणि केवायसीची कागदपत्रं द्यावी लागतात, आणि पैसे जमा व्हायला दुसऱ्या बँकेत खातं हवं. ज्यांचं आयुष्यभर एकाच बँकेत खातं होतं असे म्हातारे लोक इथेच अडतात. घरातल्या ज्येष्ठांचं दुसऱ्या बँकेत एक साधं बचत खाते उघडून ठेवा. शक्य असेल तर याच आठवड्यात.

सह्यकडा

धागा चांगला आहे पण सूर थोडा घाबरवणारा वाटतो. जानेवारी २००८मध्ये सेन्सेक्स २१ हजारांच्या वर गेला, मार्च २००९मध्ये ८,१६०वर आला, आणि नोव्हेंबर २०१०च्या दिवाळीत परत २१ हजारांवर होता. २३ मार्च २०२०ला एका दिवसात ३,९०० अंशांहून जास्त पडून २६ हजारांच्या खाली बंद झाला. वर्षाच्या आत, २०२१च्या सुरुवातीला, ५० हजारांच्या वर. ज्यांनी एसआयपी (दरमहा ठरावीक रकमेची गुंतवणूक) थांबवली नाही त्यांचं भलंच झालं. सामान्य माणसानं घाबरून विकू नये, एवढंच सूत्र आहे. उलट मला वाटतं मराठी घरांचं नुकसान बाजारात गेल्यामुळे झालं नाही, न गेल्यामुळे झालं. सगळं एफडी आणि सोन्यात.

आंबेमोहर

सह्यकडा, तुमचे आकडे बरोबर आहेत आणि दीर्घ मुदतीचं सूत्रही मला मान्य आहे. पण मार्च २००९ ते नोव्हेंबर २०१० या काळात ज्याच्या घरी मुलाची अभियांत्रिकीची फी भरायची होती, त्यानं काय करायचं? आणि मार्च २०२०मध्ये बाजार पडला तेव्हाच पगारही कापले गेले, दुकानं बंद झाली. "एसआयपी थांबवू नका" हा सल्ला ज्याचा पगार चालू आहे त्याला लागू पडतो. आमच्या इमारतीत एक जण पर्यटन कंपनीत होता. त्यानं गुंतवणूक विकली ती घाबरून नव्हे. घरभाडं आणि किराणा त्याला तिथूनच भागवायचा होता. एकाच वेळी सगळ्या बाजूंनी कोंडी होणं हेच संकटाचं लक्षण आहे. सगळं सुरळीत असताना घेतलेली सरासरी त्या महिन्यात उपयोगी पडत नाही.

पिंपळपार

आमच्याकडची, म्हणजे मराठवाड्यातली गोष्ट सांगतो. तालुक्याच्या गावात आमचं कृषी साहित्याचं दुकान आहे. रोज संध्याकाळी पतसंस्थेचा पिग्मी (रोजच्या छोट्या बचतीचा) एजंट यायचा. हातात छोटं मशीन, खांद्याला काळी बॅग. दोनशे, पाचशे जमेल तसे द्यायचे, तो चिठ्ठी फाडून द्यायचा. आमच्या गल्ल्यात त्या चिठ्ठ्यांचा गठ्ठा रबर लावून ठेवलेला असायचा. एजंट गावातलाच पोरगा. त्याच्या बहिणीच्या लग्नाला आम्ही सगळे गेलो होतो. पैसा पतसंस्थेत जायचा, पण विश्वास होता तो त्या पोरावर.

आमच्या भागात सोयाबीनचा पैसा दिवाळीच्या आसपास एकदम हातात येतो. राष्ट्रीयीकृत बँक दूर, तिथे रांग, साहेबाची बदली दर तीन वर्षांनी. पतसंस्था गावात, एसी ऑफिस, चहा विचारतात, आणि व्याज बँकेपेक्षा चांगलंच जास्त. शेतकऱ्यानं पैसा तिथे ठेवला यात त्याचा लोभ कमी आणि सोय जास्त होती. हे शहरातले लोक समजून घेत नाहीत. ज्या दिवशी ती संस्था बंद पडली त्या दिवशी लोक संस्थेकडे गेले नाहीत, एजंटच्या घरी गेले. तो पोरगा पुढे गाव सोडून गेला. त्याची आई अजून आमच्या दुकानासमोरून जाताना मान वर करत नाही. चोरी त्यानं केली नव्हती.

रोखपाल काका, पतसंस्थेला हा ५ लाखांचा विमा लागू आहे का?

जुना रोखपाल

नाही. एक रुपयाचाही नाही. डीआयसीजीसीचं संरक्षण बँकांना आहे, सहकारी बँकांनाही आहे, पण पतसंस्थांना नाही. नावात "मल्टिस्टेट", म्हणजे एकाहून जास्त राज्यांत काम करणारी, असं आलं म्हणून ती संस्था मोठी किंवा सुरक्षित होत नाही. फरक एवढाच की तिची नोंदणी केंद्राच्या २००२च्या कायद्याखाली असते आणि तिचा निबंधक दिल्लीत बसतो. म्हणजे तालुक्याच्या सहायक निबंधकाकडे तक्रार घेऊन गेलात तर तो सांगणार, आमच्या अखत्यारीत नाही.

अशा वेळी महाराष्ट्रात हातात असलेला कायदा म्हणजे १९९९चा एमपीआयडी, ठेवीदारांच्या हितसंबंधांच्या संरक्षणाचा. त्याखाली संचालकांची मालमत्ता जप्त होते, सरकार सक्षम प्राधिकारी नेमतं, विशेष न्यायालयाच्या परवानगीनं लिलाव होतो आणि पैसे वाटले जातात. मार्ग खरा आहे, पण फार लांबचा. ज्यांची संस्था अडचणीत आहे त्यांनी पावत्यांच्या मूळ प्रती कुणालाही देऊ नयेत. "पावती जमा करा, नवीन करून देतो" असं सांगून मूळ पावती काढून घेतल्याच्या तक्रारी मी स्वतः पाहिल्या आहेत. पोलिसांत तक्रार देताना साक्षांकित प्रत द्यावी आणि पोच घ्यावी. पिग्मीच्या चिठ्ठ्या फिकट होतात, त्यांचे आजच फोटो काढून ठेवा.

चाफा

+१. काका, तुमचे दोन्ही प्रतिसाद छापून आमच्या बोर्डावर लावू का?

आमच्या घरातली वाट वेगळी होती. वडील महापालिकेच्या शाळेत होते. बँकेवरही त्यांचा फार विश्वास नव्हता, पण यूएस-६४वर होता. यूटीआय या म्युच्युअल फंड संस्थेची १९६४पासूनची योजना, मागे सरकार, दरवर्षी जुलैत लाभांश. आमच्याकडे जून महिन्यात वह्या-पुस्तकं उधारीवर यायची आणि लाभांश आला की ती उधारी फिटायची. केतन पारेख या शेअर दलालाच्या घोटाळ्यानंतर बाजार कोसळला आणि जुलै २००१मध्ये यूटीआयनं यूएस-६४ची खरेदी-विक्री सहा महिन्यांसाठी बंद केली. देशात जवळपास दोन कोटी लोकांचे पैसे त्यात होते. तेव्हा लोकांना कळलं की ज्याला ते खात्रीचं उत्पन्न समजत होते त्यातला मोठा हिस्सा शेअरमध्ये होता, आणि युनिटचा भाव व मागची मालमत्ता यांचा मेळच नव्हता. पुढे सरकारला पैसा ओतावा लागला, छोट्या धारकांना किमान भाव ठरवून दिला, आणि २००३मध्ये ६.७५ टक्क्यांचे करमुक्त रोखे मिळाले. वडिलांचं मुद्दल बरंचसं परत आलं.

पण त्या वर्षी मोठ्या बहिणीला मिळालेली रत्नागिरीच्या कॉलेजातली जागा सोडावी लागली, कारण वसतिगृहाचे पैसे भरायची तारीख गेली. तिनं नंतर मुंबईतच दुसरं शिक्षण घेतलं, चांगली नोकरी केली. तरी आंबेमोहर जे तारखांबद्दल म्हणतायत ते वाचताना मला तीच आठवली. परत आलेल्या रोख्यांनी ती जागा परत आली नाही.

टायनकाठ

मी गेली बरीच वर्षं इंग्लंडमध्ये न्यूकॅसलला आहे. इथल्या लोकांनाही वाटायचं की बँकेसमोर रांगा लागणं हे दुसऱ्या देशांत होतं. १३ सप्टेंबर २००७च्या रात्री बातमी आली की नॉर्दर्न रॉकनं बँक ऑफ इंग्लंडकडे तातडीची मदत मागितली, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी आमच्या गावातल्या या बँकेसमोर रांग. मी ऑफिसला जाताना बघितली. लोक घडीच्या खुर्च्या आणि थर्मास घेऊन शांतपणे उभे होते, म्हातारे जास्त. तेव्हा इथला ठेव विमा पहिल्या २,००० पौंडांना पूर्ण आणि पुढच्या ३३,०००ना ९० टक्के असा होता. म्हणजे रांगेत उभं राहणं वेडेपणाचं नव्हतंच. सरकारनं सोमवारी सगळ्या ठेवींची हमी दिली तेव्हा रांगा ओसरल्या.

बँकेचं काय चुकलं होतं? ती गृहकर्जं देत होती, पण त्यासाठी लागणारा पैसा ठेवीदारांकडून कमी आणि घाऊक बाजारातून, म्हणजे इतर बँका आणि वित्तसंस्थांकडून, जास्त उचलत होती. अमेरिकेतल्या बुडीत गृहकर्जांमुळे तो बाजार आटला आणि हिचं कर्ज फिरवणं थांबलं. अमेरिकेतल्या एखाद्या माणसानं घराचा हप्ता चुकवला आणि न्यूकॅसलमधली आमची शेजारीण पहाटे पाचला रांगेत. आंबेमोहर, तुमच्या डोंबिवलीच्या शटरमध्ये आणि आमच्या गॉसफर्थच्या रांगेत मला फार अंतर दिसत नाही. फरक एक आहे. इथे तीन दिवसांत हमी मिळाली.

आंबेमोहर

टायनकाठ, तो "तीन दिवस" वाचून गलबलून आलं. पंजाब अँड महाराष्ट्र बँकेच्या ठेवीदारांना सप्टेंबर २०१९पासून जानेवारी २०२२पर्यंत थांबावं लागलं. तेव्हा ती युनिटी स्मॉल फायनान्स बँकेत विलीन झाली. आणि तेव्हाही योजना अशी, की ५ लाखांपर्यंत विम्यातून आधी, त्यावरची रक्कम टप्प्याटप्प्यानं पाच वर्षांत १५ लाखांपर्यंत, आणि त्याहून जास्त असेल ती दहा वर्षांनी. शिवाय ३१ मार्च २०२१नंतर पाच वर्षं त्या अडकलेल्या रकमेवर व्याज नाही. सत्तर वर्षांच्या माणसाला दहा वर्षांनी मिळणाऱ्या पैशाचं तुम्ही काय सांगणार?

उत्तरवारा

हप्त्याचा मुद्दा कुणी लिहिला नाही म्हणून लिहितो. पुण्यात राहतो, घरात दोघं कमावते, गृहकर्ज आहे.

ऑक्टोबर २०१९पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाह्य दराशी, बहुतेक रेपोशी (रिझर्व्ह बँक ज्या दरानं बँकांना उसने पैसे देते तो दर), जोडावी लागतात. मे २०२२पर्यंत रेपो ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३पर्यंत तो ६.५ झाला. वर्षसुद्धा लागलं नाही. गणित करून बघा. ३० लाख, २० वर्षं, ७ टक्के, तर हप्ता साधारण २३,२६०. तेच ९.५ टक्क्यांनी २७,९६०. महिन्याला ४,७०० रुपये, म्हणजे आमच्याकडे पोळ्यांच्या बाई आणि मुलीचा कथ्थकचा क्लास मिळून जेवढे होतात त्याहून जास्त.

पण बहुतेक बँकांनी हप्ता वाढवला नाही, मुदत वाढवली, आणि लोकांना वाटलं काहीच झालं नाही. इथे नीट लक्ष द्या. ३० लाखांवर ९.५ टक्क्यांनी एका महिन्याचं नुसतं व्याजच २३,७५० होतं. जुना हप्ता त्याहून कमी आहे! म्हणजे कर्ज नुकतंच घेतलं असेल तर हप्ता भरूनही मुद्दल वाढणार. माझ्या सहकाऱ्याच्या कर्जाची मुदत त्याच्या निवृत्तीच्या वयाच्या पुढे गेली आणि त्याला ते खात्याचा उतारा काढल्यावर कळलं. ऑगस्ट २०२३मध्ये रिझर्व्ह बँकेनं सांगितलं की दर बदलताना ग्राहकाला हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय द्यायला हवा, आणि तेव्हा स्थिर दराकडे जाण्याची सोयही; ही सोय ऑक्टोबर २०२५पासून बँकेच्या मर्जीवर आहे. विचारल्याशिवाय कुणी सांगत नाही, तर विचारा.

२०२५मध्ये रेपो उतरत उतरत वर्षअखेर ५.२५वर आला. आमचा हप्ता हलका झाला. त्याच महिन्यात सांगलीहून आईचा फोन, की एफडीचं नूतनीकरण कमी दरानं झालं. आम्हाला जे मिळालं ते एका अर्थानं तिच्याकडूनच आलं. आता फरकाचे पैसे तिला दरमहा पाठवतो. तिला आवडत नाही, पण पाठवतो.

सह्यकडा

उत्तरवारा, तुमचं गणित करून बघितलं, बरोबर आहे. हा मुद्दा माझ्या लक्षात आला नव्हता.

आंबेमोहर, तुमचं तारखांचं म्हणणं पटतंय. त्यात एक भर घालतो, कारण सुशिक्षित लोक "सुरक्षित" समजून इथे अडकतात. २३ एप्रिल २०२०ला फ्रँकलिन टेम्पलटन या म्युच्युअल फंड कंपनीनं आपल्या सहा डेट (रोख्यांत पैसे गुंतवणाऱ्या) योजना एकदम बंद केल्या, जवळपास २६ हजार कोटी. टप्प्याटप्प्यानं पैसे परत मिळाले, पण लॉकडाऊनच्या ऐन मध्यात ते गोठले होते. आणि येस बँकेचे एटी-१ रोखे, म्हणजे बँक अडचणीत आली तर शून्य करता येणारे. मार्च २०२०मध्ये सुमारे ८,४०० कोटींचे रोखे शून्य केले गेले. निवृत्त लोकांना ते "एफडीपेक्षा चांगली एफडी" म्हणून विकले गेले होते. सेबीनं त्याबद्दल बँकेला दंडही केला. व्याज एक-दीड टक्का जास्त का मिळतंय हा प्रश्न विकणाऱ्याला विचारायलाच हवा, आणि उत्तर लेखी घ्यायला हवं.

गवळण

मला एवढं सगळं वाचून वाटतं की सहकारी बँका बंदच कराव्यात. सगळे राजकारणी आणि त्यांचे पाहुणे. रुपी, सीकेपी, पेण अर्बन, किती नावं घ्यायची? दरवेळी म्हातारी माणसं रांगेत.

जुना रोखपाल

गवळण, तुमचा राग रास्त आहे. पेणचे ठेवीदार २०१०पासून झगडतायत, रुपीवर २०१३मध्ये निर्बंध आले आणि परवाना २०२२मध्ये गेला. ही नऊ वर्षं लोकांच्या आयुष्यातून गेली.

तरी बंद करा म्हणणं मला मान्य नाही. मी ज्यांना कर्ज दिलं त्यातले बहुतेक असे होते की मोठ्या बँकेनं त्यांना दारातही उभं केलं नसतं. मिरची कांडप, रिक्षा, टेलरिंगची दोन मशिनं, फुलांची टपरी. पगारपत्रक नाही, आयकर विवरण नाही. मी त्यांच्या दुकानात जाऊन बसायचो, दुपारी किती गिऱ्हाईक येतं ते बघायचो आणि कर्ज द्यायचो. हे कर्ज फार क्वचित बुडालं. बँका बुडाल्या त्या संचालकांच्या ओळखीच्या मोठ्या कर्जांनी. फुलवाल्याच्या कर्जाने एकही बँक बुडालेली मी पाहिली नाही. म्हणून ठेवीदारांनी वार्षिक सभेला जायला हवं. अहवालात ढोबळ एनपीए (एकूण थकीत कर्जं), निव्वळ एनपीए (त्यातून तरतूद वजा करून उरलेली) आणि भांडवल पर्याप्तता (कर्जांच्या जोखमीच्या मानानं बँकेचं स्वतःचं भांडवल) हे तीन आकडे बघा. लेखापरीक्षणाचा वर्ग कोणता ते विचारा. अहवाल वेळेवर छापला नसेल तर तीही एक माहितीच आहे.

हरचिंद

डॉलरची वाट राहिली. मुलगी २०१३मध्ये अमेरिकेत एमएसला गेली. मे महिन्यात डॉलर ५४-५५ रुपये होता, तेव्हा कर्ज मंजूर करून घेतलं. अमेरिकेच्या मध्यवर्ती बँकेनं रोखे खरेदी कमी करण्याचं नुसतं सूतोवाच केलं आणि परदेशी पैसा बाहेर पळाला. २८ ऑगस्टला रुपया ६८च्या पुढे. २० हजार डॉलरची फी सुमारे अकरा लाखांवरून साडेतेरा लाखांच्या पुढे गेली. कर्ज रुपयांत मंजूर झालेलं, ते कसं वाढणार? फरकासाठी पत्नीच्या पाटल्या विकल्या. आम्ही मिरजेत राहतो, त्या अमेरिकन बँकेच्या अध्यक्षांचं नावही तेव्हा ऐकलं नव्हतं. ज्यांची मुलं जाणार आहेत त्यांनी कर्ज मंजूर करताना दहा-पंधरा टक्के जास्तीची मर्यादा मागून घ्या. वापरलं नाही तर व्याज लागत नाही.

आंबेमोहर

सर्वांचे आभार. सोसायटीचं काय केलं असं दोघांनी व्यक्तिगत निरोपात विचारलं म्हणून लिहिते. नव्या ठेवी आता एकाच बँकेत ठेवत नाही. ठेवींच्या मुदती वेगवेगळ्या महिन्यांत संपतील अशा लावल्या आहेत आणि पुढच्या सहा महिन्यांच्या ठरलेल्या कामांचा पैसा मुदत ठेवीत टाकायचा नाही असा ठराव सर्वसाधारण सभेत घेतला. प्रत्येक तिमाहीला कुठल्या बँकेत किती आहे हा तक्ता जिन्याखालच्या बोर्डावर लावते. सुरुवातीला काही जण म्हणाले, चोरांना कशाला आमंत्रण. आता तक्ता लावायला उशीर झाला तर तेच विचारतात.

मोगरा

उशिरा वाचला धागा. एक शंका. आईच्या नावावर एका सहकारी बँकेत ८ लाखांची एफडी आहे, मी नॉमिनी आहे. दोन नावं असल्यामुळे १० लाखांपर्यंत विमा आहे असं शाखेतल्या मुलानं सांगितलं. बरोबर आहे का?

जुना रोखपाल

नाही. नॉमिनी हा ठेवीदार नसतो. आई एकच ठेवीदार, विमा ५ लाखांचा, ३ लाख आणि व्याज उघडं आहे. संयुक्त खात्याची गोष्ट वेगळी. आईचं एकटीचं खातं वेगळं धरतात आणि आई व तुम्ही असं संयुक्त खातं वेगळं. नावांचा क्रम बदलला, म्हणजे तुम्ही पहिल्या आणि आई दुसरी, तर तेही वेगळं धरतात. पण पहिल्या नावावर टीडीएस कापला जातो, त्यामुळे क्रम ठरवण्याआधी कर सल्लागाराशी बोला. मला विचाराल तर एवढी कसरत करण्यापेक्षा वरचे ३ लाख दुसऱ्या बँकेत किंवा पोस्टाच्या ज्येष्ठ नागरिक योजनेत हलवा. मुदतीआधी मोडताना सहसा टक्काभर व्याज कमी देतात. किती ते आधी लेखी विचारा. एफडीची मुदत संपायला महिना-दोन महिनेच राहिले असतील तर तेवढं थांबा, मात्र आपोआप नूतनीकरणाची सूचना आजच रद्द करून घ्या आणि अर्जाच्या प्रतीवर शिक्का घ्यायला विसरू नका.